उजेड वळवणारे काका

उज्जैनच्या नानाखेडा भागात खोली बघायला गेले तेव्हा घरमालकांनी दोनच अटी घातल्या. पाणी सकाळीच भरून ठेवायचं, आणि पश्चिमेच्या खिडकीला पडदा लावायचा नाही. पाण्याचं मला कळलं. पडद्याचं विचारलं तर म्हणाले, "संध्याकाळचा काळ तिथून आत येतो. पडदा लावलास तर जिन्यात तुंबून राहील, मग खाली आम्हाला त्रास."

मी साताऱ्याची. बँकेने बदली करून उज्जैनला आणून टाकलेली, आणि स्वभावाने तापट. आधीच्या एका घरात बाईंनी कांदा-लसूण चालणार नाही म्हणून बजावलं होतं, दुसऱ्या घरात 'नवरा कुठे असतो' म्हणून चौकशी झाली होती आणि तिथे मी भांडूनच बाहेर पडले होते. त्यामानाने काळ तुंबणं परवडलं. मी दुसऱ्या दिवशी सामान आणून टाकलं आणि वरच्या मजल्यावर जी राहिले ती लग्न होईपर्यंत तिथेच राहिले.

ह्या घरमालकांना, म्हणजे आमच्या काकांना, जाऊन आता बराच काळ झाला. कोणी विचारलं की कसे होते, तर मला आधी त्यांचा खिसा आठवतो. पांढरा झब्बा, आणि खिशात दाढीचा गोल आरसा. रस्त्याने चालता चालता मधेच थांबायचे, आरसा काढायचे, समोरच्या भिंतीवर कवडसा पाडायचे. तो कवडसा जरा पुढे, जरा मागे करायचे. समाधान झालं की आरसा खिशात आणि स्वारी पुढे चालू. भाजीवाल्याला वाटायचं, म्हातारा भांग नीट करतोय.

ह्या प्रकाराला ते वळणविद्या म्हणत. तिचं तत्त्व त्यांनी मला पहिल्याच आठवड्यात जिन्यात उभं करून सांगितलं होतं. उजेड हा बैल, काळ ही गाडी. बैल वळवला की गाडीला वळावंच लागतं. मी म्हटलं, "काका, आणि गाडीवान कोण?"

"तेच शोधतोय," काका गंभीरपणे म्हणाले. "सध्या मीच बसतो."

आता उज्जैनच्या माणसाला काळाबद्दल चार शब्द बोलायचा जन्मजात हक्क असतो. गावचा देव महाकाल, गावात वेधशाळा, आणि एके काळी सगळ्या हिंदुस्थानची वेळ इथून मोजत, हे तर रिक्षावालाही मीटर न टाकता ऐकवतो. पण काकांचं नातं त्याहून जवळचं होतं. त्यांचे कोणी खापरपणजोबा म्हणे दरबारात घटिकापात्र सांभाळायला होते. पात्र पाण्यात बुडालं की तास वाजवायचा, एवढंच काम. हे गृहस्थ दुपारी जेवून डुलक्या काढत, त्यामुळे अख्ख्या लष्कराची संध्याकाळ उशिरा व्हायची. "आणि कोणाचं काही अडलं नाही," काका म्हणत. "ह्यातच सगळं आलं."

पुढे काकांची स्वतःची सगळी नोकरी रेल्वेच्या सिग्नल खात्यात झाली. विद्येचं मूळ तिथलं. "मी लाल दिवा दाखवला की गाडीभर माणसांचा वेळ थांबायचा. कोणी लग्नाला निघालेलं, कोणी कोर्टात. सगळे गप्प बसून राहायचे. हिरवा दाखवला की सगळ्यांचा वेळ चालू. म्हणजे दिव्याने काळ थांबतो हे तर सरकारनेच मान्य केलेलं आहे. मला एवढंच वाटलं की मधे गाडी कशाला?"

 

उजेडाच्या जातीही त्यांनी लावलेल्या होत्या. सकाळचा उजेड कोवळा, वाकतो पण टिकत नाही. दुपारचा कडक, वाकवायला गेलं की मोडतो. संध्याकाळचा मात्र पिकलेला, तो म्हणाल तसा वळतो. हे सगळं ते गॅसची टाकी आणणाऱ्याला सांगत, मीटर बघायला येणाऱ्याला सांगत, भैरवगढच्या छापाच्या चादरी दारोदार विकणाऱ्याला तर बसवून घेऊन सांगत. लोक हसायलाच विचारायचे. "काका, मेरी छुट्टी दो दिन बढ़ा दो ना." काकांना ते हसणं कळायचं. तरी ते पहिल्यापासून सगळं समजावून सांगायचे, कारण न हसता कोणी विचारतच नव्हतं. एकदा मला म्हणाले होते, एखाद्याने खरंच विचारावं गं, मग मी नीट सांगेन. ते ऐकून मला कसंतरीच झालं होतं, पण मीही कधी नीट विचारलं नाही. मला बँकेतून आल्यावर चहा हवा असायचा.

चहा काकूंकडे असायचा. काकू जन्माने उज्जैनच्या, त्यांच्या मराठीत अर्धी हिंदी असायची. "अगं, हात-तोंड धुवून घे, खाना लावते," असं म्हणायच्या, आणि मी साताऱ्याचं शुद्ध मराठी बोलायला गेले की 'काय बोलून राहिली ही' अशा नजरेने बघायच्या. वळणविद्येबद्दल त्यांचं मत एका शब्दात होतं, फालतू. त्यांची खरी तक्रार भांड्यांची होती. परात गच्चीवर, ताट गॅलरीत, डब्याची झाकणं दोरीला टांगलेली. "पोळ्या कशात करू? मला काय मालूम उजेड कुठे गेलाय, मला माझी परात पाहिजे." काका निमूटपणे परात आणून द्यायचे आणि जेवण झालं की पुन्हा न्यायचे.

एकदा मी खाली बसून रडगाणं लावलं की रविवार हाताला लागत नाही. कपडे धुवेपर्यंत संपतो. काका म्हणाले, "मग सांगायचं नाही का? येत्या रविवारी ताणून देतो."

शनिवारी संध्याकाळी त्यांनी माझ्या गॅलरीत दोऱ्या बांधल्या आणि गाण्यांच्या जुन्या सीड्या, झाकणं, एक फुटका गाडीचा आरसा असं तोरण लावलं. रविवारी सकाळपासून माझ्या खोलीत कवडसे नाचायला लागले. भिंतीवर, छतावर, माझ्या तोंडावर. दुपारपर्यंत डोकं असं चढलं की मी गोळी घेऊन, तोंडावर उशी ठेवून झोपले. जाग आली ती सोमवारी, चांगले अकरा वाजलेले, आणि फोनवर मॅनेजर. मी संतापून खाली गेले. म्हटलं, काका, तुमच्यापायी माझी बोंब झाली, रविवारच्या नादात मी सोमवारी अकरापर्यंत झोपले.

काका आनंदाने उठून उभेच राहिले. "अकरापर्यंत पुरला? इतका तर मलाही अपेक्षित नव्हता."

काकूंनी पोह्यांची बशी हातात दिली, ती खाऊन मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली.

ताणण्यानंतर आखडण्याचा प्रयोग झाला तो काकूंच्या देवासच्या भावावर. हे मामा दोन दिवस म्हणून यायचे आणि त्यांची बॅग काही हलायची नाही. जेवायला बसलं की स्वतःच्या मूळव्याधीच्या ऑपरेशनची गोष्ट, तीही हातवारे करून. त्या दिवशी काका त्यांच्यासमोर खुर्ची टाकून आरसा घेऊन बसले आणि त्यांनी मेव्हण्याच्या तोंडावर कवडसा धरला. मामा उजवीकडे सरकले, कवडसा उजवीकडे. पेपर आडवा धरला, तर टकलावर. सोफ्यावर जाऊन बसले, तर तिथेही. काका नुसते एकाग्र होऊन बसले होते. ऊन उतरायच्या आत मामा बॅग घेऊन देवासच्या बसमधे.

"चार दिवस एका दुपारीत बसवले," काका माझ्या कानात म्हणाले. काकूंना सगळं दिसत होतंच. त्यांनी आठवडाभर अबोला धरला. दोन-तीन दिवसांनी जिन्यात भेटले तेव्हा काका अगदी सुकलेले होते. म्हणाले, हा आठवडा मात्र काही केल्या आखडत नाहीये.

काकूंना त्यांच्या विद्येतली एकच गोष्ट पक्की येत होती, आणि ती त्यांनी योग्य वेळी वापरली. जूनमधे एक दिवस उज्जैनला भर दुपारी माणसाची सावली नाहीशी होते. कर्कवृत्त गावाजवळून जातं, त्याची ती करामत. त्या दिवशी लोक वेधशाळेत गर्दी करतात. काका जायचे नाहीत. त्यांच्या मते सावली नाही म्हणजे उजेड अजिबात वाकलेला नाही, म्हणजे काळाची चाकं जागच्या जागी. आणि ज्या वेळात काळच नाही त्या वेळात खाल्लेलं अंगी लागत नाही. काकांना मधुमेह होता, आणि मावाबाटी, खव्याची पाकात मुरलेली मिठाई, जीव की प्राण होती.

तर हे गृहस्थ त्या रणरणत्या उन्हात अंगणाच्या मधोमध उभे. हातात मावाबाटीची बशी, नजर पायाशी. सावली पायात शिरली तसा त्यांनी पहिला घास उचलला. काकू दारातून बघत होत्या. त्या शांतपणे छत्री घेऊन आल्या आणि त्यांच्या डोक्यावर उघडली. अंगणात चांगली वाटोळी सावली पडली.

"आता खा," काकू म्हणाल्या.

काकांनी छत्रीकडे बघितलं, सावलीकडे बघितलं आणि बशी काकूंच्या हातात दिली. त्यांना स्वतःच्याच शास्त्राबाहेर जाता येत नव्हतं.

आता माझ्या लग्नाचं सांगते. ते जमलं तेव्हा मी पस्तिशी ओलांडली होती. मुलगा इंदूरचा, औषधांच्या कारखान्यात, माझ्यासारखाच राहून गेलेला. मी जेवढी तापट तेवढाच तो गार. मला तो मनापासून आवडला होता. हे सरळच सांगितलेलं बरं, कारण इतकी वर्षं मला कोणी आवडलं नव्हतं आणि पुन्हा कोणी आवडेल अशी मला खात्री नव्हती.

अडचण त्याच्या आईची होती. बाई वाईट नव्हत्या, घाबरलेल्या होत्या. थोरल्या मुलाचं लग्न मुहूर्त टळून लागलं होतं आणि वर्षाच्या आत मोडलं होतं. तेव्हापासून त्यांनी मुहूर्ताचा धसका घेतला होता. बोलणी झाली त्याच दिवशी त्यांनी माझ्या आईला सांगितलं, "गोरज मुहूर्त काढलाय. साधला तर अक्षता, नाही साधला तर मी मुलाला घेऊन परत जाणार. मनात शंका ठेवून मला दुसऱ्यांदा सून आणायची नाही." आणि त्यानंतर मुहूर्तच नव्हते. पुढे अधिक महिना, मग चातुर्मास, आणि पाठोपाठ सिंहस्थ. उज्जैनला सिंहस्थ म्हटलं की मेळा, साधू, राम घाटावर रंगरंगोटी, सगळे खुशीत. आमच्या मराठी घरांत सिंहस्थ म्हणजे वर्षभर लग्न बंद. तोवर त्या बाईंचं मन कुठे गेलं असतं कोण जाणे, आणि आमचे हे गार गृहस्थ आईपुढे तर अगदीच गार.

लग्न उज्जैनलाच करायचं ठरलं. जुन्या पद्धतीचं मंगल कार्यालय, मधे उघडं अंगण, त्यात मांडव. कार्यालयाने गुरुजीही तिथलेच दिले, वृद्ध आणि कडक. घड्याळ दाखवलं तर म्हणाले, "हे रेल्वेला. लग्नाला डोळे." त्यांची गोरजाची परीक्षा सोपी होती. सूर्य टेकला की गोरज लागली, आणि आकाशाच्या उजेडात स्वतःच्या तळहातावरच्या रेषा दिसतात तोवर ती आहे. रेषा पुसल्या की संपली. त्यात दिव्याचा उजेड मिसळायला नको म्हणून त्यांनी अंगणातले सगळे बल्ब बंद करायला लावले आणि पाटावर बसून दर थोड्या वेळाने हात डोळ्यांसमोर धरायला लागले.

आम्ही तयार, गुरुजी तयार, आणि वऱ्हाडाचा पत्ता नाही. मी फोन लावला.

"अर्ध्या वाटेत, सांवेरला आहोत," नवरदेव म्हणाला. "माझ्या मामांना कचोरी खायची होती म्हणून बस थांबवली. आता बस चालू होत नाहीये."

"मग काय करताय?"

"ढकलतोय. फेटा सांभाळून."

त्याच्यामागे त्याची आई कोणाला तरी कचोरीवरून झोडपत होती. मग फोन त्यांनीच घेतला. "तिकडे ऊन आहे ना अजून? बघा हं, मी बोलले ते बोलले." माझ्या आईने हे ऐकलं आणि तिने देव पाण्यात ठेवले. खरोखरच, वाटीभर पाण्यात गणपती. मी वधूच्या खोलीत जाऊन बसले. पार्लरच्या मुलीने एका डोळ्यात काजळ घातलं, आणि तेवढ्यात काका आत आले, भिंतीवरचा मोठा आरसा त्यांनी खिळ्यावरून उतरवला आणि घेऊन चालते झाले.

"दीदी, अंकल शीशा ही ले गए," मुलगी म्हणाली.

बाहेर आचाऱ्याचा आवाज आला, "बाबूजी, उसमें पूरी का आटा है," आणि मग कणीक कशात तरी काढून टाकल्याचा आवाज. म्हणजे परातही गेली. इथे माझं लग्न मोडायला आलंय आणि ह्यांना खेळ सुचतायत, माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. शालू दोन्ही हातांनी उचलून मी गच्चीच्या जिन्याने वर धावले.

गच्चीवर पाण्याची टाकी होती आणि टाकीला लोखंडी शिडी. शिडीच्या वरच्या टोकाला काका, तोंड पश्चिमेला, दोन्ही हातांनी तो पुरुषभर आरसा डोक्यावर धरलेला. आरशातला उजेड खाली येत होता तो गच्चीच्या कठड्याशी उभ्या असलेल्या काकूंच्या परातीवर. आणि परातीवरून अंगणात, थेट गुरुजींच्या तळहातावर. आरशातला सूर्य चालतो की नाही, हे गुरुजींना कोणी विचारलेलं नव्हतं.

जन्मभर ज्या विद्येला फालतू म्हटलं ती करायला काकू पहिल्यांदाच उभ्या राहिल्या होत्या. मी बघतच राहिले.

"माझ्याकडे काय बघतेस," काकू म्हणाल्या. "ह्यांना बोल, डावा हात जरासा वर घ्या. माझा कवडसा हलतोय."

मी वर बघून ते सांगितलं. काकांनी डावा हात वर घेतला. खाली गुरुजींनी तळहात डोळ्यांसमोर धरला, निरखला, आणि खाली ठेवला.

मी बँकेतली बाई आहे, भलत्यासलत्या गोष्टींवर सही करत नाही. पण जे पाहिलं ते सांगते. पश्चिमेला, घरांच्या पलीकडे, सूर्य टेकला होता. मी त्या गच्चीवर रडले, डोळे पुसले, आईकडून खालून पाणी मागवलं, ते प्यायले, करवलीला ओरडले, आणि सूर्य टेकलेलाच होता. एवढासुद्धा खाली गेला नव्हता. मधे फोन वाजला. बस चालू होऊन नानाखेड्यापर्यंत आली होती. नवरदेवाचा आवाज पडलेला होता. "काळोख झाला गं. ड्रायव्हरने दिवे लावलेत. आई एक शब्द बोलत नाहीये. गेला ना मुहूर्त?"

काकांच्या कपाळावर तेव्हा लख्ख तांबडं ऊन होतं.

"तू ये," मी म्हटलं.

"अगं, पण काळोख..."

"तू फक्त ये."

काकांचे हात थरथरायला लागले होते. आरसा जड, म्हातारं शरीर, शिडी अरुंद. मी म्हटलं, काका, पुरे झालं, पडाल. ते मान न वळवता म्हणाले, "बोलू नकोस. बोललं की उजेड सांडतो." मग थोड्या वेळाने स्वतःच म्हणाले, "तू खाली जा. नवरीने गच्चीवर उभं राहू नये." मी गेले. मला त्या माणसाच्या पाया पडावंसं वाटत होतं, पण पाय शिडीवर होते.

बस आली. सासूबाई सगळ्यांत आधी उतरल्या आणि तडक अंगणात आल्या, परत जायच्या तयारीनेच आल्या होत्या. गुरुजींनी त्यांच्यासमोर स्वतःचा हात धरला. "रेषा दिसतायत. या लवकर." सासूबाईंनी हाताकडे बघितलं, आकाशाकडे बघितलं, आणि त्यांच्याकडून एकदम हुंदका बाहेर पडला. फेट्याला ग्रीस लागलेला नवरदेव पाटावर उभा राहिला. अंतरपाट धरला गेला, मंगलाष्टकं सुरू झाली. मला पलीकडचं काही दिसत नव्हतं, पण अंतरपाटावर उजेड पडलेला दिसत होता. तो आता चांगलाच हलत होता.

शेवटचं सावधान झालं, अंतरपाट खाली आला आणि अंगण काळं झालं. संध्याकाळ हळूहळू उतरली वगैरे काही नाही. एकदम मिट्ट. माझा हार त्याच्या तुऱ्यात अडकला, अक्षता बऱ्याचशा गुरुजींना लागल्या, कोणीतरी वाजंत्रीवाल्यावर पडलं. मग कार्यालयाच्या माणसाला बल्ब लावायची आठवण झाली. उजेडात बघते तर आमचं लग्न लागलेलं होतं.

पंगतीला जिलेबी, मठ्ठा आणि गावच्या रिवाजाने दाल-बाफले होते. आम्हा दोघांच्या समोरच्या बाजूला काका-काकू बसले, त्यांच्या शेजारी सासूबाई आणि गुरुजी. सासूबाईंनी दोन घास खाल्ले आणि हात थांबवला.

"एक विचारू? आम्ही वळणावर आलो तेव्हा इथे वर काहीतरी चकाकत होतं. बाहेर मिट्ट काळोख आणि इथे उजेड. आणि अक्षता पडल्या तसा एकदम अंधार. माझ्या मनात आलंय ते जात नाहीये."

गुरुजींनीही जिलेबी खाली ठेवली. ते काकांकडे वळले. "मीही विचारणारच होतो. तुम्ही उजेडाचं काही करता असं कार्यालयातली माणसं म्हणत होती. काय करता नक्की?"

दोघंही हसत नव्हते. एक विद्वान ब्राह्मण आणि एक भरल्या घरची बाई, जेवण थांबवून, अगदी खरं विचारत होते. काकांचा चेहरा असा उजळला की मला धडकीच भरली. त्यांनी खरं सांगितलं असतं तर गुरुजींनी मुहूर्त खोटा म्हटला असता आणि त्या बाईंनी आयुष्यभर माझ्याकडे धसकून बघितलं असतं. काकांना हे सगळ्यांसमोर सांगायची मला सोय नव्हती. काकांनी बोलायला श्वास घेतला. मग माझ्याकडे बघितलं, मी तिथे एका डोळ्यात काजळ घालून बसले होते.

"पाण्याची टाकी बघायला गेलो होतो," काका म्हणाले. "पंगत बसायची, आणि टाकीत पाणी नाही असं नको. झाकण पत्र्याचं आहे, ते चकाकलं असेल. आणि अंधार तर इकडे असाच पडतो हो."

"आणि ते उजेडाचं?"

"ते होय," काका हसले. "रिटायर माणसाला वेळ जात नाही. लोकांना हसवायचं काहीतरी."

सासूबाईंनी छातीवर हात ठेवला. "मग बरं. नाही तर उगाच जिवाला घोर." गुरुजींनी जिलेबी उचलली. त्यांना पुन्हा काही विचारावंसं वाटलं नाही, आणि कोणालाच वाटलं नाही. मी ताटाकडे बघत बसले होते. इतकी वर्षं त्या घरात राहून मी जे विचारलं नाही ते ह्या दोघांनी एका पंगतीत विचारलं, आणि ते माझ्यामुळे वाया गेलं.

काकांना जेवायचं होतं, पण हात उचलेना. पुरीचा तुकडा मोडायचे, हात छातीपर्यंत यायचा आणि ताटात पडायचा. दोनदा असं झालं. काकूंनी ते पाहिलं, खुर्ची जवळ ओढली, पुरी मोडली, भाजीत बुडवली आणि सगळ्यांसमोर त्यांच्या तोंडात घातली.

सासूबाईंना आता हसायला मोकळीक मिळाली होती. "अगंबाई, नवरा-नवरी राहिले बाजूला, इथे ह्यांचंच घास भरवणं सुरू झालं. मग नाव घ्या काकू. नाव घेतल्याशिवाय घास नाही."

सगळ्या पंगतीने ते उचलून धरलं. नाव घ्या, नाव घ्या. काकू अशा वेळी नेहमी पदर सावरून उठून जायच्या. त्या दिवशी गेल्या नाहीत. घास हातात धरून त्यांनी काकांचं नाव घेतलं. आधी त्यांचं, मग वडिलांचं, मग आडनाव, खड्या आवाजात, सभेत एखाद्याला सत्कारासाठी बोलावतात तसं. उखाणा जोडायचा त्यांना सुचलाच नाही. पंगत पुढच्या ओळीची वाट बघत थांबली, आणि काकूंनी घास काकांना भरवला.